ओळीवरचा अंगठा

वडीगोद्री,
१४ ऑक्टोबर २०२५

नरहर यास मल्हारीचा रामराम.

परवा तुझा फोन आला तेव्हा मी दोनच शब्द बोललो आणि ठेवून दिला. राग आला असेल तर येऊ दे. फोनवर तू माणसाला बोलण्यात गुंडाळतोस. अंबडच्या कोर्टात बत्तीस वर्षं कारकुनी केलीस, तोंडी बोललेल्याला तिथं काय किंमत असते ते तूच मला सांगायचास. म्हणून हे लेखी. उत्तरही लेखीच पाहिजे.

नंतर म्हणशील अर्ज अपुरा होता, तेव्हा सगळं पहिल्यापासून लिहितो.

आमच्या घरात पोथी आहे. दोन लाकडी फळ्यांत बांधलेली, वरून काळ्या घोंगडीचा तुकडा. आमचा मूळपुरुष मेंढरं राखताना तापानं फणफणला, सात दिवस त्याला जे दिसलं ते तो बोलत गेला आणि तुमच्या मूळपुरुषानं शेजारी बसून ते मोडीत लिहून घेतलं. एका पानावर एकच ओळ. त्या वर्षी घरातून काय जाणार, तेवढंच. चंपाषष्ठीला एक पान उलटायचं. वाचायचं तुमच्या घरच्यानं, सांभाळायचं आमच्या घरच्यानं. आम्ही ओळीवर बोट ठेवायचं नाही, तुम्ही पोथी उंबऱ्याबाहेर न्यायची नाही. वाचून झालं की आमच्या घरची बाई तेलात कालवलेल्या भंडाऱ्याचा अंगठा पानाच्या कोपऱ्यात उठवते. त्यानंतर ते पान पुन्हा उघडत नाहीत.

विहिरीचं पाणी निघालं, ते गेलं. दारचा लिंब निघाला, तो पडला. एका वर्षी ‘भांडण’ निघालं तेव्हा आपण पोट धरून हसलो, आणि त्याच वर्षी माझा भाऊ बिभीषण वेगळा राहायला गेला नि घर खरंच शांत झालं. एका वर्षी आबाचं, माझ्या बापाचं नाव निघालं. पोथी एकदाही चुकलेली नाही.

जे जाणार त्याचा निरोप घ्यायची आमची रीत तुला माहीत आहे. वर्षभर दर रविवारी घरधन्यानं त्याच्यापुढं बसायचं, भंडारा लावायचा, त्यानं घराला काय काय दिलं ते बोलून दाखवायचं आणि चुकलंमाकलं त्याची माफी मागायची.

गेल्या चंपाषष्ठीला तू वाचलंस, घोडी.

मी वर्षभर शेवंताच्या पुढ्यात बसलो. तिला सरकी पेंड चारली, गूळ चारला, तिच्या खुरांना तेल लावलं. गोपिका, माझी बायको, दावं धरून उभी राहायची. मध्येच तोंड घालायची, मी तिला गप्प करायचो. ती वाळत चालली होती. विचारलं तर म्हणायची, पित्त झालंय. आणि मी पुन्हा घोडीकडं वळायचो.

मी हे लिहून राह्यलो आणि शेवंता अंगणात कडबा खाऊन राह्यली. बावीस वर्षांची आहे, ठणठणीत आहे. गोपिकाला जाऊन आज एकोणीस दिवस झाले. तिच्यापुढं मी एकही रविवार बसलो नाही.

माझा प्रश्न एकच आहे. पानावर काय लिहिलं होतं?

मल्हारी


अंबड,
१९ ऑक्टोबर २०२५

प्रिय मल्हारी,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले. गोपिकावहिनींच्या जाण्याने आम्हा दोघांना काय वाटते ते दहाव्याला बोलता आले नाही, पत्रात तर नाहीच येणार. तू दुःखात आहेस, म्हणून पत्रातील भाषेबद्दल मी काही म्हणत नाही.

प्रश्नाचे उत्तर : मी जे वाचले ते सर्वांसमोर, मोठ्याने वाचले. त्यात बदल करण्यासारखे काही मजकडे नाही.

आणखी एक गोष्ट तुझ्या लक्षात आणून देतो. पोथीचे वर्ष चंपाषष्ठी ते चंपाषष्ठी. यंदाची चंपाषष्ठी २६ नोव्हेंबरला आहे. म्हणजे मुदत अजून संपलेली नाही. मुदतीपूर्वी पोथी खोटी ठरवणे किंवा वाचणाऱ्याला खोटा ठरवणे योग्य नव्हे.

आता मलाही एक विचारायचे आहे. तुमच्या स्टँडवरचा राधेश्याम परवा अंबडला भेटला. तो म्हणाला, तुझी सून मोनिका मोबाइलवर मोडीचे धडे बघते. हे खरे आहे काय? पोथीच्या घरात मोडी कशासाठी शिकली जात आहे? उद्या ती जुनी पाने चाळणार असेल तर नियम कोणी मोडला, याचाही विचार व्हावा.

दिवाळी तुम्हाला नाही, हे माहीत आहे. तारा फराळ पाठवणार होती, मीच नको म्हणालो.

तुझा,
नरहर


वडीगोद्री,
२७ ऑक्टोबर २०२५

नरहर यास रामराम.

मुदत म्हणे. तुझं पत्र आल्यापासून रोज सकाळी उठलो की आधी शेवंताकडं बघतो, जिवंत आहे का. परवा ती जरा उशिरा उठली तर माझ्या मनात आलं की बरं झालं, नरहर खरा निघाला. मग माझी मलाच लाज वाटली. ज्या जनावरानं माझं बिऱ्हाड पाठीवर वाहिलं त्याच्या मरणाची वाट बघायला लावलीस तू मला.

मोनिका मोडी शिकते हे खरं आहे. तुझा पार्थ पुण्यात, त्याला पोथीचं काही पडलेलं नाही. तुझ्यामागं वाचायचं कुणी? ही काळजी गोपिकाला होती, आणि तिनंच सुनेला शिकायला लावलं. मोनिकानं पोथीला अजून हात लावलेला नाही. राधेश्यामला म्हणावं चहाच्या गाडीकडं बघ.

आता माझं ऐक. घरात बसून बसून माणूस एकेक गोष्ट जोडत जातो.

तू गेल्या साली पान उलटलंस तेव्हा चष्मा काढून खिशात घातलास. मला वाटलं घाम पुसतोय. पण घाम पुसून माणूस चष्मा पुन्हा लावतो. तू बिनचष्म्याचा वाचून मोकळा झालास. चष्म्याशिवाय तुला बसवरची पाटी दिसत नाही.

दहाव्याला ताराबाई आल्या, गोपिकाच्या फोटोपुढं बसल्या, आणि निघेपर्यंत माझ्याकडं एकदाही बघितलं नाही. पंचेचाळीस वर्षांची ओळख आहे आमची.

दर महिन्याला अंबडहून मेथीच्या लाडवांचा डबा यायचा. गोपिका तो डबा कुणाला शिवू द्यायची नाही. नातीनं, छकुलीनं, एकदा झाकण उघडलं तर तिला रागावली. जी बाई पोरीला कधी मोठ्यानं बोलली नाही, ती लाडवावरून रागावली.

आणि काल तिची चंची उघडली. पान, सुपारी, आणि खाली घडी घातलेलं एसटीचं तिकीट. वडीगोद्री ते अंबड. तारीख ५ डिसेंबर. चंपाषष्ठीच्या दोन दिवस आधी. मी त्या वेळी मेंढरं घेऊन शहागडच्या बाजूला होतो. ती अंबडला गेल्ती हे मला कुणी सांगितलं नाही. तिनं नाही, तू नाही.

ती कशाला आल्ती?

मल्हारी


अंबड,
१ नोव्हेंबर २०२५

प्रिय मल्हारी,
सप्रेम नमस्कार.

तू तिकिटापर्यंत पोचलास. कोर्टात असतास तर मोठा झाला असतास.

होय, वहिनी त्या दिवशी आमच्याकडे आल्या होत्या. ताराला लोणच्यासाठी कैऱ्या द्यायला. तासभर बसल्या, चहा घेतला, दुपारच्या गाडीने परत गेल्या. सांगण्यासारखे त्यात काही नव्हते, म्हणून सांगितले नाही.

चष्म्याची काच धुराने आणि तेलाने खराब झाली होती. तुमच्या देवघरात तेव्हा किती धूर होता ते तुला आठवत असेल. शिवाय तो मजकूर इतका ठसठशीत असतो की चष्म्याची गरज पडतेच असे नाही.

लाडवांचा विषय बायकांचा आहे. त्यात मी पडत नाही.

मल्हारी, एक विनंती आहे. हा तपास इथेच थांबव. गेलेलं माणूस कागदपत्रांतून परत येत नाही. मी आयुष्यभर कागदपत्रांतच होतो, म्हणून सांगतो.

तुझा,
नरहर


वडीगोद्री,
६ नोव्हेंबर २०२५

नरहर,

रामराम लिहिलेला नाही, मुद्दाम.

मार्गशीर्षात कैऱ्या? आमच्या आंब्याला तेव्हा मोहोरसुद्धा नव्हता. बत्तीस वर्षं दुसऱ्यांच्या खोट्या जबान्या उतरवून घेतल्यास आणि स्वतःला एक धड रचता आली नाही.

तुझं पत्र वाचलं आणि मी पोथी खाली काढली. आजवर आमच्या घरात कुणी केलं नाही ते केलं. गेल्या सालचं पान उघडलं आणि मोनिकाला म्हणालो, वाच. पाप लागलं तर मला लागू दे.

तिला वाचता आलं नाही. कुणालाच येणार नाही. बाकी सगळ्या पानांवर अंगठा कोपऱ्यात आहे. आईचा, आजीचा, गोपिकाचा. या पानावर कोपरा कोरा आहे आणि अंगठा बराबर ओळीवर आहे. एकदा नाही, तीन-चारदा दाबलाय. भंडारा नि तेल कागदात मुरलंय आणि खालची शाई त्यात विरघळून गेली आहे. शेवटचं एक अक्षर तेवढं अर्धंमुर्धं बाहेर राह्यलंय, त्यावरून मोनिकाला काही लागत नाही.

म्हणजे तुम्ही दोघं मिळून होता. माझा लहानपणापासूनचा मित्र आणि माझी बायको. माझ्यापासून काय लपवलं ते तिला विचारता येत नाही, म्हणून तुला विचारतो, शेवटचं.

चंपाषष्ठीच्या आत खरं सांग. नाहीतर त्या दिवशी येऊ नको. मी पोथी शहागडला नेऊन गोदावरीत सोडतो, फळ्यांसकट. ज्या पोथीवर वाचणारा खोटं वाचतो ती घरात ठेवून काय करायची? तिच्याबरोबर तुझं-माझंही सुटलं असं समज.

मल्हारी


अंबड,
१२ नोव्हेंबर २०२५

मल्हारी,

चार वेळा कागद घेतला आणि ठेवला. आता एका बैठकीत लिहितो.

वहिनी त्या दिवशी कैऱ्या द्यायला आल्या नव्हत्या. त्याच्या आधी पंधरा दिवस तारा त्यांना जालन्याच्या दवाखान्यात घेऊन गेली होती. तू तेव्हाही मेंढरांबरोबर बाहेर होतास. पोटात गाठ होती, पसरलेली. डॉक्टर म्हणाले, कापून उपयोग नाही, दुखणं कमी करायच्या गोळ्या देतो, वर्ष काढतील. वहिनी उठल्या आणि ताराला म्हणाल्या, “चल, उसाचा रस पिऊ.”

५ तारखेला त्या आल्या त्या सरळ स्वयंपाकघरात. मला आत बोलावलं. म्हणाल्या, “भावजी, परवा पानावर काय बी असू द्या. तुम्ही घोडी म्हणायचं.”

मी म्हणालो, वहिनी, पोथीवर मी खोटं कसं वाचू? आमच्या घरात असं कुणी केलेलं नाही.

तेव्हा त्या जे बोलल्या ते जसंच्या तसं लिहितो. “आबाचं नाव निघालं त्या साली मी नवी नवरी व्हते. त्यांचं ताट मीच वाढायचे. म्हातारा घास उचलायचा अन् सगळं घर त्या घासाकडं बघायचं. गावातली माणसं पाया पडाया यायची. ठसका लागला की बाया रडाया लागायच्या. शेवटी शेवटी ते जेवायचंच टाळायचे. मला म्हणले, पोरी, मी मेलो न्हाई अजून, पण या घरात पाव्हणा झालोय. भावजी, मला वर्षभर पाव्हणी व्हायचं न्हाई. मला भाकरी थापायची हाय, छकुलीची येणी घालायची हाय. मला डोळ्यांनी खाऊ देऊ नका त्यांना.”

मी विचारलं, घोडीच का?

“म्हातारी झाली, सगळ्यांना खरं वाटंल. अन् ते तिच्यापुढं बसतील तवा दावं मी धरीन.”

मी होकार दिला नाही आणि नकारही दिला नाही. चंपाषष्ठीला पान उलटताना एकच मनात आलं. पानावर वहिनींचं नाव असेल आणि ते मला दिसलं, तर ते माझ्या तोंडावर उमटेल, आणि तू माझं तोंड ओळखतोस. म्हणून चष्मा काढला. मला पान म्हणजे एक पिवळा डाग दिसत होता. त्या डागाकडे बघून मी घोडी म्हणालो.

तेव्हा तुझ्या प्रश्नाचं खरं उत्तर हे. पानावर काय लिहिलं होतं ते मलाही माहीत नाही. मी खोटं वाचलं नाही, मी वाचलंच नाही. हा कारकुनी बचाव आहे, कळतं मला.

ओळीवरच्या अंगठ्याचं मला तुझ्या पत्रातूनच कळलं. मी चष्मा पुन्हा लावीन आणि चोरून बघीन, अशी त्यांना शंका आली असणार. आणि खरं सांगतो, पान मिटण्याआधी मी खिशाकडे हात नेला होता. त्यांनी बरोबर ओळखलं.

तू लिहिलंस, तिच्यापुढं एकही रविवार बसलो नाही. ते वाक्य वाचल्यापासून मला अन्न गोड लागत नाही. त्यांचा शब्द पाळताना तुझा निरोप मी खाल्ला. त्याची माफी कोणत्या तोंडाने मागू? पोथी सोडायची तर सोड, तुझी आहे. मला मात्र सोडू नकोस.

नरहर

भावजी, मी तारा. यांच्या पत्राखाली दोन ओळी लिहिते. गोळ्या लाडवांच्या तळाशी कागदात असायच्या, म्हणून ती डब्याला कुणाला हात लावू देत नसे. तुमच्याकडे बघितलं असतं तर मी सगळं बोलून गेले असते, म्हणून बघितलं नाही. शेवटच्या महिन्यात फोनवर मी तिला म्हणाले, आता तरी त्यांना सांग. ती म्हणाली, “सांगायची गरजच न्हाई. आयतवार आला की मला बिलकुल दुखत न्हाई.” असं का, ते तिने सांगितलं नाही. तुम्हाला माहीत असेल तर मलाही कळवा.


वडीगोद्री,
२० नोव्हेंबर २०२५

नरहर आणि तारावहिनी यांना मल्हारीचा रामराम.

पत्र आलं त्या दिवशी मोनिकानं ताट वाढलं ते तसंच राहिलं. तुझा राग आला, नंतर गोपिकाचा आला, दोन्ही बराच वेळ टिकले. एक वर्ष माझ्याकडं होतं आणि ते मला कुणी सांगितलं नाही, हे मी विसरणार नाही. तू माझी माफी मागितलीस, ती एवढ्यात मिळेल असं समजू नको.

पण तारावहिनींनी रविवारचं विचारलं, त्याचं उत्तर द्यायला पाहिजे.

गेल्या रविवारची गोष्ट. निरोप कुणाचा घ्यायचा ते आता राहिलं नव्हतं, तरी सवयीनं शेवंतापुढं जाऊन बसलो. दावं धरायला कुणी नव्हतं, ते खुंटीला अडकवलं. आणि वर्षभर मी काय बोललो ते एकेक आठवायला लागलो.

मी म्हणायचो, “उन्हातान्हात माझ्यामागं आलीस. आज हितं, उद्या तिथं, कधी म्हणली न्हाईस की आता बस. माझा सगळा संसार पाठीवर वाह्यलास.” तेव्हा मागून गोपिका म्हणायची, “वाह्यला, वाह्यला. जड व्हता.”

मी म्हणायचो, “तुला कधी चांगलं म्हणलो न्हाई. म्हणायला पाहिजे व्हतं.” ती म्हणायची, “आता म्हणा की. कान उघडे हायेत.”

मला वाटायचं थट्टा करून राह्यली. मी तिला दटावायचो.

श्रावणातल्या एका रविवारी मी म्हणालो, “एकदा रागात तुझ्यावर हात उचलला. पैठणच्या बाजूला व्हतो आपण. कोकरू हरवलं म्हणून. चूक तुझी नव्हती. मला माफ कर.”

नरहर, शेवंतावर मी जन्मात कधी हात उचलला नाही. कोकरू हरवलं तेव्हा शेवंता आमच्या घरात आलीही नव्हती. लग्नाच्या तिसऱ्या वर्षीची गोष्ट आहे ती. इतक्या वर्षांत गोपिकानं तिचा शब्द काढला नव्हता, मीही काढला नव्हता. त्या दिवशी घोडीपुढं बसून ते माझ्या तोंडून का निघालं, माझं मलाच कळलं नाही. मी तसाच पुढं बोलत गेलो.

म्हणून रविवारपासून एक शंका मला सोडत नाही. ही शंका तुझ्यावर नाही. मला खरंच माहीत नव्हतं का? बायको डोळ्यांदेखत वाळत होती, आणि मी काय इतका आंधळा होतो? की आतून कळलं होतं, आणि घोडीच्या आडून बोलणं मलाही सोपं पडत होतं? याचं उत्तर कुठल्या पानावर सापडेल असं वाटत नाही.

गेल्या सालचं पान मी मिटलं. ते शेवटचं अक्षर कशाचं, हे शोधायला मोनिका तयार होती. मी नको म्हणालो. तिनं अंगठा ठेवलाय, तो राहू दे.

चंपाषष्ठीला ये. पोथी जागेवर आहे. चष्मा लावून वाच, आणि जे असेल ते वाच. माझं नाव असलं तरी वाच. मला पाहुणा व्हायला चालेल. अंगठा मोनिका लावील, कोपऱ्यात.

वहिनींचा डबा या पत्राबरोबर कंडक्टरच्या हाती देतो. रिकामा देऊ नये म्हणून यंदाची बाजरी भरली आहे.

एक राहिलं. त्या श्रावणातल्या रविवारी मी माफ कर म्हणालो तेव्हा दाव्याला जरा ओढ बसली. मी वळून बघितलं नाही. मग ती म्हणाली, “केलं माफ. कवाच केलं व्हतं.”

मी तिला ओरडलो, “तुला कोण विचारून राह्यलंय? मी घोडीशी बोलून राह्यलोय.”

तर ती हसली. दावं धरून, कितीतरी वेळ हसत राहिली.

तुझा,
मल्हारी